बोधाची पाटी आणि प्राण्याचा देह

१९२१ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कमध्ये ‘ईसॉप्स फिल्म फेबल्स’ नावाची मूक अ‍ॅनिमेशनपटांची मालिका सुरू झाली आणि आठवड्याला एक चित्रपट या वेगाने ती पुढची सुमारे आठ वर्षे चालली. तिचा कर्ता पॉल टेरी हा मूळचा वृत्तपत्रांतला चित्रकार. सोन्याची अंडी देणाऱ्या हंसीच्या कथेने त्याने मालिकेचा आरंभ केला आणि मालिका सोडेपर्यंत चारशेहून अधिक चित्रपट तयार केले. प्रत्येक चित्रपटाच्या शेवटी पडद्यावर एक पाटी येई. मूकपटात संवाद व निवेदन यांसाठी छापील मजकुराच्या ज्या पाट्या मध्ये मध्ये दाखवत, त्यांतलीच ही शेवटची पाटी असे आणि तिच्यावर कथेचा म्हणून एक बोध लिहिलेला असे. हा बोध आणि त्याआधी सहा-सात मिनिटे पडद्यावर चाललेला उंदीर-मांजरांचा धुमाकूळ यांचा एकमेकांशी बहुधा काही संबंध नसे. अ‍ॅनिमेशनच्या इतिहासात या मालिकेची नोंद घेणारे लेखक हा तिचा दोष मानतात. इसापाचे नाव वर लावायचे आणि आत वाटेल तो माल भरायचा, अशी ही धंदेवाईक लबाडी होती, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय असतो. लबाडी होती यात शंका नाही. मात्र प्राणिकथा पडद्यावर आली तेव्हा तिच्यातील दोन घटकांची, म्हणजे प्राण्याची आणि बोधाची, जी फारकत झाली, तिचे कारण एका निर्मात्याच्या आळसात शोधणे पुरेसे नाही. ती फारकत चित्रपट या माध्यमाच्या स्वभावातून आली आणि तिच्यामुळे प्राणिकथेच्या घडणीतली एक जुनी शिवण उघडी पडली, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

प्रथम ती शिवण पाहिली पाहिजे. इसापाच्या नावावर चालणाऱ्या कथांचा पहिला ज्ञात संग्रह फलेरॉनच्या डिमिट्रियसने इसवी सनापूर्वी सुमारे ३०० मध्ये केला आणि तो मुलांसाठी केलेला नव्हता. सभेत बोलणाऱ्या वक्त्याला हवा तो दृष्टान्त चटकन सापडावा, हा त्या संग्रहाचा हेतू असल्याचे अभ्यासक मानतात. इसापकथांचे विसाव्या शतकातील मोठे अभ्यासक बेन एडविन पेरी यांनी असे दाखवले की कथेच्या आरंभी येणारे बोधवाक्य हे मुळात अशा संग्रहातल्या सूचीसारखे होते. अमुक प्रकारच्या माणसाविषयी बोलायचे असेल तर ही कथा वापरावी, एवढेच ते सांगे. पुढे हे वाक्य कथेच्या शेवटी सरकले आणि स्पष्टीकरणाचे रूप घेऊन बसले. एकच कथा निरनिराळ्या संग्रहांत निरनिराळा बोध घेऊन येते याचेही कारण हेच. मराठी वाचकाला ही परंपरा शाळेच्या वाटेने भेटली. तंजावरच्या सरफोजी राजांच्या आश्रयाने एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात छापला गेलेला ‘बालबोधमुक्तावली’ हा मराठी ग्रंथ इसापाच्याच कथांचा होता आणि पुढे मुंबईत सदाशिव काशीनाथ छत्रे यांनी १८२८ मध्ये इसापकथा मराठीत आणल्या त्याही शालेय वाचनासाठीच. शाळेने तात्पर्याला कथेपेक्षा मोठे केले; किंबहुना तात्पर्य काढता यावे म्हणून कथा वाचायची, अशी उलटी सवय पिढ्यान्‌पिढ्या लावली. त्यामुळे बोध हा प्राणिकथेचा प्राण आहे आणि तो काढून टाकला की मागे केवळ पोरखेळ उरतो, असे मानणे आपल्याला स्वाभाविक वाटते. इतिहास तसे सांगत नाही. बोध ही कथेला वारंवार बदलून लावलेली चिठ्ठी आहे.

मग कथेत प्राणीच का, या प्रश्नाचे सर्वांत नेमके उत्तर जर्मन नाटककार व समीक्षक लेसिंग याने १७५९ मध्ये प्राणिकथेवरील आपल्या निबंधांत दिले. त्याच्या मते प्राणी येतात ते त्यांच्या विलक्षणपणामुळे नव्हे, तर त्यांचे स्वभाव सर्वांना आधीच ठाऊक असल्यामुळे. नीरो आणि ब्रिटानिकस ही नावे घेतली तर रोमचा इतिहास ज्याला माहीत नाही त्याच्या डोळ्यांपुढे काहीच उभे राहत नाही. लांडगा आणि कोकरू म्हटले की कोण बलवान, कोण निरपराध आणि पुढे काय होणार हे ऐकणाऱ्याला लगेच कळते. लेसिंगने याला दुसरे एक कारण जोडले आणि प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने ते अधिक महत्त्वाचे आहे. करुणा व क्रोध यांसारख्या भावना बोधाचे आकलन गढूळ करतात, आणि कोकरू मेल्याचे दुःख माणूस मेल्याइतके होत नसल्यामुळे प्राण्यांच्या कथेत बोध स्वच्छ दिसतो, असे त्याचे म्हणणे होते. याचा अर्थ असा की कथेतल्या कोकराला देह असून नसल्यासारखा असतो. त्याचे वजन किती, त्याची लोकर ओली होती की कोरडी, लांडग्याच्या दातांत ते किती वेळ धडपडले, हे कथा सांगत नाही आणि तिने सांगूही नये. बुद्धिबळाच्या पटावरील उंटासारखा कथेतला प्राणी एका ठरलेल्या चालीचे नाव असतो.

पडद्यावर ही सोय उपलब्ध नाही. चित्रपटात लांडगा येतो तेव्हा कुठून तरी चालत येतो. चालायला त्याला पाय लागतात, पायांना लय लागते आणि त्या लयीतून तो थकलेला, ऐटबाज किंवा भित्रा असल्याचे बोधाची परवानगी न विचारता दिसून जाते. अमेरिकेत ही गोष्ट सर्वांत आधी ठसठशीतपणे सिद्ध केली ती विन्सर मॅके याने. १९१४ मधील ‘गर्टी द डायनोसॉर’ या चित्रपटातील गर्टी काही बोध करत नाही. ती झाडे खाते, तळे पिऊन टाकते, रागावल्यावर रडते, आणि एवढ्याने प्रेक्षक तिच्या प्रेमात पडले. मॅकेने हजारो चित्रे पातळ कागदावर काढली आणि प्रत्येक चित्रात मागचे डोंगर व पाणी त्याच्या साहाय्यकाने पुन्हा पुन्हा गिरवले, त्यामुळे पडद्यावर सगळे दृश्य किंचित थरथरत राहते. टेरीने या धंद्यात पाऊल टाकले त्यामागे गर्टीच्या दर्शनाची प्रेरणा होती. मॅकेला काढायचा होता तो देह, त्याचे आकारमान आणि त्याचा श्वास. टेरीने तेच तंत्र उचलले आणि त्यात वेग भरला.

वेगाचा हा भाग तांत्रिक आहे, पण त्याशिवाय पुढचे कळणार नाही. अर्ल हर्ड याने १९१४ मध्ये ज्या पद्धतीच्या पेटंटसाठी अर्ज केला, तीत हलणाऱ्या आकृती सेल्युलॉइडच्या पारदर्शक तावांवर काढून ते ताव एकदाच रंगवलेल्या स्थिर पार्श्वभूमीवर ठेवत आणि एकेक चौकट छायांकित करत. या तावाला पुढे धंद्यात नुसते ‘सेल’ म्हणू लागले. पार्श्वभूमी पुन्हा काढण्याचे श्रम वाचले. एवढेच नव्हे, तर उंदराची एक चाल, म्हणजे उजवा-डावा पाय पूर्ण होऊन पुन्हा मूळ ठेवणीत येईपर्यंतची चित्रे, एकदा काढून ठेवली की तीच चित्रे फिरवून उंदराला हवा तितका वेळ चालवता येई, आणि तेच ताव शेजारी शेजारी मांडून एका उंदराचे दहा उंदीरही करता येत. दर आठवड्याला एक चित्रपट देण्याची सक्ती असलेल्या कारखान्याला हे वरदान होते. डोके म्हणजे एक वर्तुळ, अंग म्हणजे दुसरे, हातपाय रबरी नळीसारखे आणि सगळी आकृती काळ्या शाईने भरलेली, ही मूकपटातल्या प्राण्याची परिचित ठेवण बऱ्याच अंशी या घाईतून आली. (काळे अंग आणि पांढरे टपोरे डोळे यांच्यामागे केवळ शाईची सोय नव्हती, गोरे नट तोंड काळे करून कृष्णवर्णीयांची टवाळी करत त्या मिन्स्ट्रेल खेळांचा वारसाही तीत आहे, असे अलीकडचे संशोधन दाखवते, आणि हे चित्रपट आज पाहताना तिकडे डोळेझाक करता येत नाही.)

इथे एक गंमत दिसते. लेसिंगने सांगितलेला प्राण्याचा गुण, म्हणजे ओळख करून न देता ओळखू येणे, हा कारखान्याच्या सर्वांत उपयोगी पडला. मांजर म्हटले की उंदराचा शत्रू, कुत्रा म्हटला की मांजराचा. सात मिनिटांच्या चित्रपटात पात्रपरिचयासाठी एक सेकंदही खर्च करावा लागत नव्हता. म्हणजे टेरीने प्राणिकथेतून घेतले ते तिचे व्याकरण. वाक्ये त्याची स्वतःची होती, आणि त्या वाक्यांचा विषय पुन्हा पुन्हा एकच निघे: लहान, पुष्कळ आणि चपळ असलेल्यांनी मोठ्या व एकट्याची त्रेधा उडवणे.

इसापाचेच नाव का घेतले, याचे उत्तर पुराणप्रीतीत नाही. प्राणिकथांची मालिका काढावी ही सूचना टेरीला हॉवर्ड एस्टाब्रुक या नटाने, जो पुढे पटकथाकार म्हणून नावाजला, केली. पैसा कीथ-अल्बी या बड्या नाट्यगृह-साखळीच्या बाजूने आला आणि वितरण पाथे या कंपनीकडे गेले. कीथ-अल्बीची नाट्यगृहे ‘व्हॉडव्हिल’साठी, म्हणजे गाणे, कसरत, नकला व विनोद यांच्या मिश्र कार्यक्रमासाठी प्रसिद्ध होती आणि बायकामुलांसह यावे असा सोज्ज्वळ खेळ ही त्यांची ख्याती त्यांनी जिवापाड जपली होती. त्याच वेळी चित्रपटांच्या नीतीविषयी अमेरिकेत वादळ उठलेले होते. १९१५ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ओहायो राज्याच्या खटल्यात असा निर्णय दिला होता की चित्रपट हा निव्वळ धंदा असून त्याला अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे संरक्षण नाही; राज्याराज्यांची परिनिरीक्षण मंडळे कात्री घेऊन बसली होती आणि १९२२ मध्ये चित्रपट-उद्योगाने आपली अब्रू सावरण्यासाठी विल हेज यांना नेमले. अशा हवेत ज्याच्या प्रत्येक खेळाच्या शेवटी बोध छापलेला आहे आणि ज्याच्यावर अडीच हजार वर्षांच्या सज्जनाचे नाव आहे, त्या मालाला कोण अडवणार? बोधाची पाटी हे एका अर्थी मालाचे चारित्र्य-प्रमाणपत्र होते.

पण त्या पाटीवर काय लिहिले जाई ते पाहिले की प्रमाणपत्राचीच थट्टा चालू असल्याचे ध्यानात येते. शाळेतल्या तात्पर्याचा आव आणून ती त्या काळच्या वृत्तपत्री चुटक्याच्या सुरात संसार किंवा पैसा यांच्यावर एखादा शेरा मारून मोकळी होई. पडद्यावर घडलेल्या गोष्टीशी तो जुळत नाही हेच त्यातले हसू होते आणि प्रेक्षक त्याची वाट पाहत. प्रेक्षागृहातल्या बहुतेकांनी शाळेत तात्पर्ये पाठ केलेली होती. पाटी आली की गंभीर व्हायचे ही शिस्त त्यांच्या अंगात मुरलेली होती आणि टेरीने तिलाच गुदगुल्या केल्या. पेरींचे संशोधन त्यानंतर बऱ्याच वर्षांनी प्रसिद्ध झाले, पण बोध हा कथेला बाहेरून चिकटवलेला असतो हे ज्ञान लाखो प्रेक्षकांना त्याआधीच, हसता हसता झाले होते.

मूकपणाचा स्वतंत्र विचार केला पाहिजे, कारण आवाजाच्या अभावाने कुठल्या कथा पडद्यावर येऊ शकतात आणि कुठल्या नाही याची एक निवड आपोआप झाली. कोल्हा आणि उंच वेलीवरची द्राक्षे, ससा आणि कासव, करकोच्याला थाळीत आणि कोल्ह्याला लांब मानेच्या भांड्यात वाढलेले जेवण या कथांचा सांधा हालचालीत आहे. त्या मुक्यानेही कळतात. उलट कावळ्याच्या चोचीतील खाऊ कोल्हा पळवतो ती कथा स्तुतीवर, म्हणजे निव्वळ शब्दांवर, उभी आहे. आणि वाघाचे कातडे पांघरलेल्या गाढवाची कथा तर ओरडण्याशिवाय संपतच नाही. मूक अ‍ॅनिमेशनने आवाज डोळ्यांना दाखवण्याच्या युक्त्या काढल्या: तोंडातून फाकणाऱ्या रेषा, हवेत तरंगणाऱ्या सुरावटीच्या खुणा, डोक्यावरचे प्रश्नचिन्ह. ओटो मेस्मर याने चितारलेल्या फेलिक्स या मांजराने तर १९१९ पासून अशी चिन्हे हाताने पकडून शिडी किंवा आकडा म्हणून वापरायला सुरुवात केली. पण युक्तिवाद काही रेषांत मावत नाही. म्हणूनच पंचतंत्राचा मोठा भाग मूकपटाच्या हाती लागण्यासारखा नव्हता. कंबुग्रीव कासव काठी तोंडात धरून दोन हंसांबरोबर उडते आणि तोंड उघडताच खाली पडते, हे दृश्य मूकपटासाठीच रचल्यासारखे आहे. मात्र करटक आणि दमनक यांच्यात राजनीतीवर पानेच्या पाने चालणारा वाद, एकातून दुसरी निघणारी उपकथा आणि प्रत्येक पात्राच्या तोंडी योग्य वेळी येणारे सुभाषित, हे सारे वाणीचे वैभव आहे. तिथे बोध शेवटी लावलेला नसतो, प्राणीच तो बोलून दाखवतात आणि बहुधा स्वतःच्या स्वार्थासाठी वापरतात. इसापाची कथा चार ओळींत आटोपते, तिच्यातील प्राणी फारसे बोलत नाहीत आणि बोध वेगळा काढता येतो. मूकपटाला ती सोयीची ठरली ती या कोरडेपणामुळे.

मूकपटाच्याच काळात, पण टेरीच्या मालिकेच्या आधी, युरोपच्या पूर्व टोकाला एका माणसाने प्राणिकथेला अगदी वेगळा देह दिला होता. लादिस्लाव स्तारेविच हा पोलिश आईबापांचा, मॉस्कोत जन्मलेला आणि कोवनो, म्हणजे आजच्या लिथुआनियातील कौनास, इथे वाढलेला कीटकप्रेमी. शिंगवाल्या भुंग्यांची झुंज चित्रित करण्याचा त्याने प्रयत्न केला तेव्हा प्रखर दिव्यांखाली ते निशाचर कीटक निपचित पडू लागले. मग त्याने मेलेल्या भुंग्यांचे पाय वेगळे करून ते मेणाने व तारेने पुन्हा जोडले आणि दर चौकटीला त्यांची ठेवण केसभर बदलत झुंज पूर्ण केली. यापुढे त्याचे नट हेच राहिले. त्याचे ‘कॅमेरामनचा सूड’ आणि इतर चित्रपट परदेशी पोचल्यावर हे कीटक शिकवून तयार केलेले असावेत असे काही प्रेक्षकांना वाटल्याचे सांगतात. मॉस्कोत खान्झोन्कोव्हच्या चित्रपटसंस्थेत असताना त्याने क्रिलॉव या रशियन कवीच्या रचनेवरून नाकतोडा आणि मुंगी यांची कथा पडद्यावर आणली. क्रिलॉवने ती ला फोंतेनवरून घेतली होती आणि ला फोंतेनने इसापावरून.

या छोट्या चित्रपटाकडे जवळून पाहण्यासारखे आहे. मुंगी लाकडे तोडते, ओंडके रचून घर उभारते. नाकतोडा फिडल वाजवत हिंडतो. पाने गळतात, थंडी येते, नाकतोडा दार ठोठावतो आणि मुंगी त्याला हाकलून देते. वाचताना ही कथा इथे एका टोमणेवजा वाक्यावर संपते: उन्हाळ्यात गायलास ना, आता नाच. वाक्य चमकदार आहे आणि त्या चमकेत नाकतोड्याचे पुढे काय झाले हे विचारायचे राहून जाते. स्तारेविचला ते वाक्य उच्चारता येत नव्हते. त्याच्याकडे होता एक खरा, वाळलेला, तारेने ताणलेला नाकतोडा, आणि तो बर्फात पडतो व बर्फ त्याला झाकत जाते. लेसिंगने ज्या करुणेला दाराबाहेर ठेवले होते ती इथे आत शिरते, आणि एकदा ती शिरली की उद्योगी मुंगी शहाणी वाटण्याऐवजी निर्दय वाटू लागते. कथेतील एकही प्रसंग न बदलता बोध उलटला. टेरीने बोधाची चेष्टा करून तो निकामी केला. स्तारेविचने बोध जसाच्या तसा घडवून दाखवला आणि त्यामुळेच तो असह्य झाला. दोघांच्या मार्गांत जमीनअस्मानाचे अंतर आहे, पण देह दिसू लागला की तात्पर्याची पकड सुटते हे दोघांच्याही पडद्यावर घडते, म्हणून हे एकाच माध्यमाचे लक्षण मानले पाहिजे.

या प्रतिपादनावर एक गंभीर आक्षेप संभवतो आणि तो स्तारेविचच्याच पुढच्या कामातून निघतो. रोमन कवी फीड्रस, जो स्वतः गुलामीतून मुक्त झालेला होता, सांगतो की प्राणिकथा जन्मली ती गुलामांना मनातले उघड बोलण्याची सोय नव्हती म्हणून. परंपरेने इसापही गुलामच. क्रिलॉवने झारच्या राजवटीत परिनिरीक्षकांच्या नजरेखाली याच आडोशाचा उपयोग केला. अशा कथेत बोध ही चिकटवलेली चिठ्ठी राहत नाही, तो तिचा लपवलेला दारूगोळा असतो. क्रांतीनंतर रशिया सोडून पॅरिसजवळ स्थायिक झालेल्या स्तारेविचने १९२२ मध्ये राजा मागणाऱ्या बेडकांची कथा चित्रित केली: बेडूक देवाकडे राजा मागतात, देव ओंडका टाकतो, निरुपद्रवी ओंडक्याला कंटाळून ते दुसरा राजा मागतात आणि मग येतो तो पक्षी एकेका प्रजाजनाला गिळू लागतो. मायदेशातील राजवट कोसळून देशोधडीला लागलेल्या माणसाने ही कथा निवडावी यात राजकीय अर्थ नाही असे म्हणणे धाडसाचे ठरेल. मग बोध सुटला कुठे? उत्तर असे की बोध गेला नाही, पण त्याची जागा बदलली. कोण ओंडका आणि कोण गिळणारा पक्षी, हे सांगणारी पाटी नसल्यामुळे झारवादी, उदारमतवादी आणि समाजवादी असे सर्व प्रकारचे निर्वासित आपापला अर्थ घेऊन बाहेर पडू शकत होते. डिमिट्रियसच्या वक्त्यांना हवी असलेली कथा अशीच, प्रसंगानुसार वापरता येणारी, होती.

टेरीच्या बाजूने याला तोलणारी गोष्ट सापडते का? थोडीशी सापडते. त्याच्या मालिकेत इसापाच्या प्राण्यांबरोबर ‘फार्मर अल फाल्फा’ हा दाढीवाला, टकला शेतकरी वरचेवर येतो. हे पात्र टेरीने मालिकेच्या पाच वर्षे आधी, १९१६ मध्ये, घडवले होते. तो मालक आहे, त्याच्याकडे बंदूक आणि काठी आहे आणि तरीही उंदीर, मांजरे, कोंबड्या त्याला दर आठवड्याला हैराण करतात. गुलामाच्या कथेचा पुसटसा पडसाद यात ऐकायचा असेल तर ऐकता येईल. पण त्याला फार मोठे करू नये: पुढच्या आठवड्यात म्हातारा पुन्हा तिथेच आणि उंदीरही पुन्हा तिथेच, कशाचा काही परिणाम शिल्लक राहत नाही. टेरीला उंदरांच्या बंडात रस नव्हता, त्यांच्या रांगेत होता.

आवाज आला आणि हे सर्व बदलले. ‘डिनर टाइम’ हा टेरीचा ध्वनीयुक्त चित्रपट १९२८ च्या शरद ऋतूत, डिस्नेच्या ‘स्टीमबोट विली’च्या काही आठवडे आधी तयार होता, वॉल्ट डिस्नेने तो न्यूयॉर्कमध्ये पाहिला आणि त्यात काही दम नाही असे आपल्या सहकाऱ्यांना कळवले. त्याचे मत बरोबर होते, कारण टेरीच्या मते आवाज हा वरून ओतायचा मसाला होता. मालिकेची मालकी आता व्हॅन ब्यूरेन या निर्मात्याकडे आली होती. आवाजावरून दोघांचे बिनसले आणि १९२९ मध्ये टेरी बाहेर पडला. डिस्नेने सुरुवातीच्या काळात टेरीच्या इसापइतके चांगले चित्रपट काढणे हीच आपली महत्त्वाकांक्षा असल्याचे पुढे सांगितले आहे, आणि नंतर इसापाकडे वळला तो वेगळ्या हेतूने. त्याच्या १९३४ मधील नाकतोडा-मुंगीच्या चित्रपटात नाकतोडा मरत नाही. मुंग्यांची राणी त्याला थंडीत आसरा देते, बदल्यात वाजवायला लावते आणि तो आपली चूक गाऊन कबूल करतो. बोध पाटीवरून उठून गाण्यात जाऊन बसला, आता त्याला कथेपासून सोडवणे कुणाला शक्य नव्हते. मंदीच्या काळातल्या अमेरिकेला हा शेवट दिलासा देणारा वाटला असेल. स्तारेविचचा बर्फ आठवणाऱ्याला तो तडजोडीचा वाटतो. १९३५ चा ससा-कासवाचा चित्रपट आणि १९३६ चा खेड्यातल्या उंदराचा चित्रपट, दोन्हींना ऑस्कर मिळाले, आणि प्राणिकथा म्हणजे सुसंस्कृत, सुरेल, शिकवण देणारा चित्रपट हे समीकरण तेव्हापासून घट्ट झाले.

हिंदुस्थानात या इतिहासाची मूक पायरी जवळजवळ चुकलीच. दादासाहेब फाळके यांनी १९१५ च्या सुमारास ‘आगकाड्यांची मौज’ या छोट्या चित्रपटात आगकाड्या एकेक चौकट सरकवून नाचवल्या, म्हणजे तंत्र त्यांना अवगत होते. पण प्राणिकथेचा हा प्रकार इथे आला तो बोलपटाच्या काळात. पुण्याच्या प्रभात कंपनीचा १९३४ चा ‘जंबू काका’ कोल्ह्यावर होता, आणि मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनच्या व्यंगचित्रपट विभागात डिस्नेकडून आलेल्या क्लेअर वीक्स यांच्या मार्गदर्शनाखाली १९५७ मध्ये ‘द बॅनियन डिअर’ झाला तो जातककथेवर. गाभण हरिणीच्या जागी स्वतः मान पुढे करणारा मृगराज ही ती कथा. तिथे बोध आणि कृती यांत फट अशी नाहीच, म्हणून पाटीचीही गरज नाही, आणि थट्टेलाही जागा नाही. टेरीच्या हाती ही कथा पडली असती तर त्याने तिचे काय केले असते याची कल्पना न केलेली बरी.

अमेरिकेत मात्र मालिकेचा शेवट एका न्यायालयीन प्रकरणाने झाकोळला गेला. टेरीच्या मूकपटांत काळे अंग, गोल कान आणि दोरीसारखे शेपूट असलेले उंदीर झुंडीने वावरत होते, त्यांना नाव नव्हते आणि कुणी त्यांची मालकीही सांगत नव्हते, जशी ती इसापाच्या उंदरावर कुणी सांगितली नव्हती. मिकी १९२८ मध्ये आला. पुढे व्हॅन ब्यूरेनच्या बोलक्या ‘ईसॉप्स फेबल्स’मध्ये उंदीर आणि उंदरीण यांची एक जोडी फारच मिकी-मिनीसारखी दिसू लागली तेव्हा १९३१ मध्ये डिस्नेने दावा लावला आणि न्यायालयाने व्हॅन ब्यूरेनला ती आकृती वापरण्यास मनाई केली. मिकीच्या आधीपासून ज्या मालिकेत उंदीर नाचत होते, तिलाच उंदीर चोरल्याबद्दल मनाई व्हावी, हे टेरीच्या एखाद्या पाटीवर शोभले असते. तोवर तो ‘टेरीटून्स’ नावाचा स्वतःचा व्यवसाय थाटून या भांडणापासून दूर गेला होता. १९३३ मध्ये व्हॅन ब्यूरेनने मालिकेवरून इसापाचे नाव उतरवले, आणि १९३६ मध्ये त्याचे चित्रपट वितरित करणाऱ्या आरकेओ कंपनीने डिस्नेशी करार केल्यावर त्याचा अ‍ॅनिमेशनचा कारखाना बंद झाला.